मफलरकाकांचा ‘नूल’

मंडळाच्या अंकात वर ‘स्मृतिलेख’ असं छापलेलं दिसलं की वाचणारी माणसं आधी चष्मा पुसून घेतात. आता एक फोटो येणार, मग ‘अजून विश्वास बसत नाही’ येणार, मग ती पोकळी येणार. तर मंडळी, चष्मा राहू दे. फोटो नाहीये. विश्वास लगेच बसला. आणि पोकळीचं म्हणाल तर शुक्रवारी ह्या गृहस्थांच्या वेळेला चॅनलवाल्यांनी वांगी भाजायचा कार्यक्रम लावला. आम्ही तो शेवटपर्यंत बघितला. वांगी छान भाजली होती.

गृहस्थ आपल्या इथल्या मराठी मंडळाचे मेंबर नव्हते. जेद्दाला आले नाहीत, राबिघला तर नाहीच नाही. फ्रान्समध्ये राहायचे, टीव्हीवर बसून पुस्तकांवर बोलायचे, आणि परवा वारले. अंकाच्या संपादक वहिनी मला म्हणाल्या होत्या, “नितीन, ह्या वर्षी गेलेल्या कुणा जवळच्या माणसावर लिही हं, मनापासून लिही.” आता ह्यांच्याइतकं जवळून मी दुसऱ्या कुणाला बघितलंच नाही. नाकातल्या केसांपर्यंत बघितलंय. म्हणून ह्यांच्यावर. इथून पुढे मी त्यांच्याशीच बोलणार आहे, तुम्ही बाजूला बसून ऐका.

तर मफलरकाका, ओळखलंत का? नाही ना. तुम्ही कुणालाच ओळखायचा नाहीत. समोर बसलेल्या लेखकाचं नावसुद्धा हातातल्या कार्डावर बघून घ्यायचात, आणि तरी चुकवायचात.

मी नितीन. सौदीत, जेद्दाजवळच्या राबिघच्या रिफायनरीत पाईप फिटर. कंत्राटदाराच्या कॅम्पात राहतो. शाळा देवरुखची. तिथे हेडमास्तरांची नक्कल येते म्हणून मला स्नेहसंमेलनात घेतलं, आणि त्याच कारणासाठी वर्गाबाहेर काढलं. फ्रेंचचा माझा संबंध एवढाच की आमचे पाईपिंगचे सुपरवायझर मोन्सेफसाहेब ट्युनिशियाचे. घरी अरबी, शाळेत फ्रेंच, आणि आमच्याशी हिंदी. ती हिंदी त्यांनी आमच्याकडूनच उचलली, त्यामुळे तिच्यात बिहारपासून केरळपर्यंत सगळ्यांच्या चुका एकत्र सापडतात. शुक्रवारी सुट्टी. नमाज झाली, मेसमध्ये बिर्याणी झाली, की टीव्हीरूममधला रिमोट साहेबांच्या हातात. मग क्रिकेट मागणाऱ्यांनी क्रिकेट मागायचं, साहेबांनी “खलास, आधा घंटा” म्हणायचं, आणि तुम्ही यायचात.

काय तो अवतार! बाहेर असं ऊन की पान्ह्याला हात लावला तर कातडी पान्ह्याला राहील. आणि तुम्ही गळ्यात मफलर गुंडाळून, पायावर पाय, चष्मा कपाळावर. तुमचं खरं नाव मला कधी जमलं नाही, मध्येच घशात गुळणी केल्यासारखं होतं, म्हणून पहिल्याच शुक्रवारी मी ‘मफलरकाका’ ठेवलं आणि सगळ्या कॅम्पाने ते उचललं. तुमचा धंदा काय ते कळायला भाषा लागत नव्हती. टेबलावर पुस्तकांची चळत. समोर घाबरलेला माणूस. तुम्ही एक पुस्तक उचलायचं, अंगठ्याने पानं फर्रकन सोडायची, ओठ शिट्टी मारायला काढतात तसे काढायचे आणि म्हणायचं, “से नूल.” मग पुस्तक टेबलावर टाकायचं. ठेवायचं नाही, टाकायचं. आणि लगेच पाणी प्यायचं, जसं काही तुम्हीच खड्डा खणून आलात.

मी पडलो पाईपवाला. मला ऐकू आलं ‘नल’. मी साहेबांना विचारलं, “हा माणूस सारखा नल का मागतो? एवढं पाणी तर ठेवलंय पुढ्यात.” साहेब हसून हसून सोफ्यावरून खाली. म्हणाले, “नल नहीं रे निताँ, नूल. मतलब ज़ीरो. बेकार. कचरा.” ते मला निताँ म्हणतात, शेवटचा न नाकात घालवून.

झालं. त्या दिवसापासून कॅम्पात सगळंच नूल. मेसची डाळ नूल. नवीन आलेली गॅस्केट नूल. बसचा एसी नूल. आणि मी तुमची नक्कल बसवायला घेतली. टॉवेलचा मफलर केला. ‘नूल’ म्हणताना ओठ ‘ऊ’चे ठेवायचे आणि जीभ ‘ई’ची, हे आरशासमोर शोधून काढलं. तुमच्या डाव्या भुवईचं वर जाणं, उत्तर ऐकताना दिव्याकडे बघणं, समोरचा बोलायला लागला की “वी वी वी” करत त्याला कापणं, सगळं घेतलं. अर्थ एका अक्षराचा नाही, पण आवाज शंभर टक्के. साहेब डोळे मिटून ऐकायचे आणि म्हणायचे, “लाइट बंद करो तो वोही है.”

स्तुती संपली. आता खरं बोलतो, तुम्ही मला कधीच आवडला नाहीत.

आमच्याकडे वेल्डिंग रिजेक्ट करायचं तर इन्स्पेक्टरला एक्स-रे काढावा लागतो. कुठे भोक राहिलंय ते खडूने दाखवावं लागतं. वेल्डर दोन शिव्या देतो, तेवढं घासतो, परत भरतो. तुम्ही काय दाखवलंत कधी? माणसाने वर्षं घालवून लिहायचं आणि तुम्ही भुवई वर करायची. दुरुस्तीची सोय नाही. टाकलं टेबलावर, पुढचं आणा. आणि वाचत तरी होता का? मला शंका आहे. पुस्तकात पिवळ्या चिठ्ठ्या खोचलेल्या असायच्या, पण सगळ्या सुरुवातीच्याच पानांत. देवरुखला आम्हीही परीक्षेला असाच अभ्यास करायचो, आम्हाला निदान नापास केलं जायचं.

एक मात्र मानतो, आणि हे म्हणताना माझी जीभ जरा जड झालीय. पुस्तकावरून एवढा चिडलेला माणूस मी आयुष्यात पहिल्यांदा तुमच्यात बघितला. आमच्याकडे माणसं बांधावरून चिडतात, फणसावरून चिडतात, पत्रिकेत नाव खाली छापलं म्हणून चिडतात. पुस्तकावरून कुणी कपाळाची शीर उठवत नाही. तुमची उठायची. कुणाची तरी एक ओळ वाचून तुम्ही टेबलावर हात आपटायचात, आणि पलीकडे राबिघमध्ये अक्षर न कळणारे आम्ही सगळे पुढे सरकून बसायचो, की झालं काय एवढं? म्हणून तर क्रिकेट बुडवून बघायचो. चांगलं म्हणण्यासारखं एवढंच आहे, ते म्हणून टाकलं.

आता मुद्द्याचं. ते ऑलिव्हवालं पुस्तक आठवतंय? तुम्हाला कशाला आठवेल. मी आठवण करून देतो.

मोन्सेफसाहेबांनी पुस्तक लिहिलं होतं. आम्हाला पत्ताच नव्हता. एके दिवशी चहाच्या सुट्टीत पाईपरॅकखाली बसल्यावर त्यांनी बॅगेतून काढलं. बारीकसं, हिरव्या पुठ्ठ्याचं. त्यांच्या वडलांचा ऑलिव्हच्या तेलाचा घाणा होता, त्या घाण्यावर येणाऱ्या माणसांच्या गोष्टी. फ्रान्समधल्या एका छोट्या प्रकाशकाने छापलं होतं. साहेब म्हणाले, “इसको भेजा है. वो मफलर को. प्रकाशक बोला, शायद लेगा.” आणि एवढा मोठा माणूस, ज्याच्या शिट्टीवर क्रेन हलते, तो पुस्तकाच्या पुठ्ठ्यावरची धूळ बाहीने पुसत बसला. धूळ नव्हतीच.

मग दर शुक्रवारी आमचं सगळ्यांचं लक्ष तुमच्या चळतीवर. हिरवं दिसतंय का? माझे रूममेट इस्माईलचाचा, दाभोळ खाडीकडचे, आमचे स्टोअरकीपर, ते तर टीव्हीला नाक लावून बसायचे. “त्या खालून दुसरा, हिरवा हाय बघ.” “चाचा, ते निळं आहे.” “टीव्हीचा कलर बिघडलाय.” कार्यक्रम संपला की साहेब रिमोट क्रिकेटवाल्यांना द्यायचे आणि म्हणायचे, “अगला शुक्रवार.”

अगला शुक्रवार आला तेव्हा नेमका शटडाऊन. प्लँट बंद ठेवून दुरुस्तीचं काम. साहेब आत अडकले, आमची शिफ्ट सुटली. जाताना मला म्हणाले, “निताँ, देखना. आया तो सुनना. ठीक से सुनना.”

आणि आलं.

हिरवं, सगळ्यात वर. टीव्हीरूममध्ये ओरडा झाला. इस्माईलचाचांनी मोबाइल काढून रेकॉर्डिंग लावलं. तुम्ही पुस्तक उचललंत. कार्डावर बघून साहेबांचं नाव वाचलंत, चुकीचं. पानं फर्रकन सोडलीत. मग पुस्तक नाकाजवळ नेऊन हुंगलंत, काहीतरी बोललात, आणि ती शेजारची बाई, जी तुमच्या प्रत्येक वाक्याला हसायचा पगार घ्यायची, ती हसली. आणखी एक वाक्य. मग ओठ शिट्टीचे. “से नूल.” टाकलंत. पाणी प्यायलात. आमच्या मेसचा पोऱ्या कपात चहा ओततो, त्याला ह्यापेक्षा जास्त वेळ लागतो.

अर्थ कुणाला विचारावा लागला नाही. ‘नूल’चा अर्थ साऱ्या कॅम्पाला मीच शिकवून ठेवलेला.

चाचा म्हणाले, “आता साहेबाला कोण सांगणार?”

“रेकॉर्डिंग दाखवा ना तुम्ही.”

रेकॉर्डिंग लावलं. त्यात एसीची घरघर, आणि चाचांचाच आवाज, “येताय काय ह्याच्यात? लाल बत्ती पेटली काय?” तुमचा आवाज शोधून सापडेना. चॅनलच्या वेबसाइटवर गेलो, तर तिथे पाटी, ‘हा कार्यक्रम तुमच्या देशात दिसणार नाही.’ चाचांनी मोबाइल खिशात टाकला आणि माझ्याकडे बघितलं. “तूच सांग. तुझ्या तोंडाला नायतरी लाज कुठं हाय.”

साहेब संध्याकाळी आले. कव्हरऑल तसाच, हेल्मेटचा वळ कपाळावर. मेसमधून कागदी कपात चहा घेतला आणि माझ्यासमोर बसले. “आया?”

“आया.”

“क्या बोला?”

“साहेब, मेरे को फ्रेंच किधर आता है.”

“आता नहीं, मालूम. तुम बोलो मत. तुम करो.”

बघा म्हणजे, मफलरकाका. लेखकाला त्याच्या पुस्तकाचा निकाल कुणी सांगायचा, तर ज्याला त्यातलं अक्षर कळत नाही त्याने. मी टॉवेल गळ्यात घातला. चष्मा कपाळावर, चाचांचा. पुस्तकाच्या जागी मेसचा मेन्यू घेतला. आणि केलं. सगळं केलं. नावाची चूक केली, साहेबांनी मान हलवली. हुंगून जे बोललात ते, अर्थ माहीत नसताना, जसंच्या तसं केलं. साहेब इतरांना म्हणाले, “बोला, इस में से तेल की बास आती है.” कुणी हसलं नाही. पुढचं वाक्य केलं. त्याचा अर्थ साहेबांनी सांगितला नाही. कप दोन्ही हातांनी धरला.

मग ओठ शिट्टीचे केले. “से नूल,” म्हणालो. आणि साहेबांच्या हातातला तो कागदाचा कप दाबला जायला लागला, चहा काठाशी आला, तेव्हा माझ्या तोंडातून आणखी एक अक्षर गेलं.

“पा.”

आता हा ‘पा’ कुठून आला ते सांगतो. साहेबांना काही विचारलं आणि त्यांना माहीत नसलं की ते खांदे उडवून म्हणतात, “शेपा.” व्हॉल्व्ह कधी येणार? शेपा. बस का थांबली? शेपा. एकदा मी विचारलं होतं, तर म्हणाले, शे म्हणजे माहीत, पा म्हणजे नाही. मला वाटलं, वा, सरळ आपल्यासारखी भाषा आहे. माहीत नाही. शे पा. मग कचरा नाही? नूल पा. एवढं सोपं. मी तुमच्या तोंडात बसवून टाकलं, तुमच्याच आवाजात, तुमच्याच भुवईसकट.

साहेब म्हणाले, “फिर से.”

“से नूल पा.”

“पा?”

“पा.”

“पीछे?”

“पीछे.”

त्यांनी कप खाली ठेवला. मग त्यांचे खांदे हलायला लागले. मला वाटलं आता रडतात. हसत होते. डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसले. मग उठले आणि म्हणाले, “यल्ला, आज मंदी खाएँगे, सब लोग, मेरी तरफ से.” मंदी म्हणजे इथला मटण घातलेला भात. जमिनीवर प्लास्टिक अंथरून, त्याच्या मोठ्या थाळ्याभोवती आम्ही सगळे बसलो. चाचा माझ्या कानात म्हणाले, “तू नरकात जाणार, पण पोट भरून जाणार.”

त्या रात्री जेवताना साहेबांनी त्यांच्या पुस्तकातला एक माणूस सांगितला. शेजारी. एक टोपली ऑलिव्ह घेऊन घाण्यावर यायचा, आणि घाण्याचं जनावर जरा थांबलं की ओरडायचा, “माझ्याच वेळेला ह्याला दम लागतो!” तेल निघालं की बाटली उन्हात धरायचा आणि म्हणायचा, कमी आहे. दर वर्षी. एका वर्षी साहेबांच्या वडलांनी त्याला स्वतःच्या घरचं तेल ओतून बाटली काठोकाठ भरून दिली. त्याने उन्हात धरली आणि म्हणाला, “मग इतकी वर्षं माझं कुठे जात होतं?” मी त्या शेजाऱ्याची नक्कल तिथल्या तिथे केली. भात नाकात गेला लोकांच्या.

तुम्ही हे वाचलंच नाहीत, काका. पैजेवर सांगतो. वाचलं असतंत तर त्या बाटलीपाशी तुम्ही हसला असतात, कारण तो माणूस म्हणजे तुम्हीच की. आयुष्यभर दुसऱ्यांच्या बाटल्या उन्हात धरून ‘कमी आहे’ म्हणत बसलात. आणि त्याने निदान ऑलिव्ह तरी स्वतःचे आणले होते.

परवा तुम्ही गेल्याचं साहेबांना फोनवर कळलं. काम चालू होतं. ते फ्लँजच्या खोक्यावर बसले आणि हेल्मेट काढून मांडीवर ठेवलं. मी विचारलं, “क्या हुआ साहेब, घर पे सब ठीक?” म्हणाले, “मफलर गया.” आणि दोन्ही तळवे चेहऱ्यावरून फिरवून हळूच दुआ म्हटली. मला राग आला. खरंच आला. मनात म्हटलं, अहो साहेब, त्या माणसाने तुमच्या बापाच्या घाण्याचा वास काढला, आणि तुम्ही त्याच्यासाठी दुआ मागता? काका, तुम्हाला स्वर्गात जागा मिळाली असेल तर साहेबांच्या त्या दुआमुळेच, बाकी तुमच्या खात्यात काही दिसत नाही.

वांगी नंतर लागली. त्याआधी चॅनलवर तुमची आठवण दाखवली. काय ते नाटक! तुम्ही ज्यांना “वी वी वी” करून कापलंत, तेच काळे कोट घालून ओळीने बसलेले. ती पगारी हसणारी बाई आता पगारी रडत होती. मागे व्हायोलिन. तुमचे जुने तुकडे दाखवले, काळ्या केसांचे, मफलर तोच. एकाही तुकड्यात तुम्हाला पुस्तक टाकताना दाखवलं नाही. सगळीकडे ठेवताना. मेल्यावर माणूस पुस्तकं ठेवायला लागतो, हे मला नवीन होतं.

टीव्ही बंद झाल्यावर चाचा म्हणाले, “नित्या, एकदा कर रे त्याचं. शेवटचं.”

मी साहेबांकडे बघितलं. ते म्हणाले, “करो.”

मग मी जीव ओतून केलं. टॉवेल, चष्मा, भुवई, कार्ड. हातात सेफ्टीचं माहितीपुस्तक घेतलं, हुंगलं, नाक मुरडलं. खोली हसायला लागली. मला चेव आला. जाता जाता तुमच्याकडून चार जणांचं भलं करून घ्यावं म्हणून मी आणखी वस्तू उचलल्या. चाचांची चप्पल, से नूल पा. मेसची डाळ, से नूल पा. शेवटी रिमोट उचलला, भुवई वर केली, आणि टाळ्यांच्या गजरात म्हणालो, “से नूल पा!”

साहेब उभे राहिले. “बस!”

साइटवर गॅस लीक झाल्यावर ओरडतात तसे ओरडले. ते माझ्याजवळ आले, माझ्या गळ्यातला टॉवेल काढला, घडी घातली आणि माझ्याच हातात दिला.

“निताँ. वो आदमी ने मेरी किताब को कचरा बोला. मेरे को उसी दिन मालूम. तुम ने पहला नूल बोला, तभी मालूम.”

मी खाली बघितलं. चाचांनी चष्मा मागून घेतला, उगाचच.

“साहेब, मैं तो…”

“चुप. वो बुरा बोलता था, सब को बुरा बोलता था, मेरे को भी बोला. ठीक है, उस का काम. लेकिन सारी उमर वो टीव्ही पे बैठा, एक दिन भी गलत फ्रेंच नहीं बोला. एक दिन भी! और तुम? पा पीछे लगाता है? नूल पा? ये कौन सी भाषा है? मेरे बाप का गधा ऐसा नहीं बोलता! मैं इतने महीने चुप बैठा, सोचा छोड़ो, बच्चा है, दिल अच्छा है. और आज वो मर गया, उस का मुँह बंद हो गया, और तुम सब के सामने उस के मुँह में फिर से वोही डालता है! बोलो, से पा नूल. पा आगे.”

“से… पा नूल.”

“ज़ोर से.”

“से पा नूल.”

“फिर से. ओठ ठीक करो.”

“से पा नूल!”

“हाँ. शरम करो थोड़ा. मुर्दे के मुँह में झूठ डाला, वो मैं माफ किया. ग्रामर गलत डाला, वो माफ नहीं.”